कियोए-सानच्या पंगतीचे नियम

कियोए-सानच्या घरी जेवायला जाणं म्हणजे परीक्षेला बसणं होतं. मी एकोणीस वर्षं त्या परीक्षेला बसले आणि दर वर्षी काठावर पास झाले. आमचं कामिनोसावा म्हणजे यामागाताच्या डोंगरातली अकरा घरांची वाडी. या वाडीत त्यांच्यासारखं रांधणारं दुसरं कोणी नव्हतं, आणि जेवणाऱ्याला त्यांच्याइतकं छळणारंही कोणी नव्हतं.

त्यांचे नियम कुठे लिहिलेले नव्हते. चुकलं की कळायचे. पहिला घास कोरा खायचा. सोया सॉसच्या बाटलीकडे कोणाचा हात गेला तर कियोए-सान त्या हाताकडे अशा बघायच्या की हात मुकाट्याने मांडीवर परत यायचा. 'हे काय आहे?' असं विचारायचं नाही, तोंडात घातलंय तर तोंडालाच विचारा. छान झालंय म्हणायचं नाही. वाढलेलं टाकायचं नाही. पहिल्या पदार्थाचा पहिला घास गिळेपर्यंत कोणी अक्षर काढायचं नाही. रांधणाऱ्याने चव तीनदा बघायची: पाण्यातून काढल्यावर, पिळल्यावर आणि वर सार ओतल्यावर. त्या सारासाठी कोम्बु शेवाळाची पट्टी पहाटेपासून भिजायला हवी, आणि पाण्याला पहिला बुडबुडा यायच्या आत ती बाहेर निघायला हवी. एकदा त्यांच्या दारात शेजारीण बोलत उभी राहिली आणि बुडबुडा आला, तर त्यांनी ते अख्खं पातेलं मुळ्याच्या वाफ्यात ओतलं आणि शेजारणीशी महिनाभर अबोला धरला.

सगळ्यात मोठा नियम दिवसाचा. वसंतातलं पहिलं जेवण कधी, ते डोंगर ठरवणार, भिंतीवरचं कॅलेंडर नाही. "मंगळवारी उगवलं तर मंगळवारी जेवू," म्हणायच्या. मी पोस्टात नोकरी करणारी बाई. दर वर्षी एप्रिल-मेमध्ये कुठल्या तरी आडवारी अचानक माझ्या पोटात दुखायचं आणि मी रजा टाकायचे. साहेबांना ते कधीच खरं वाटलं नसावं.

कियोए-सान मूळच्या साकाता बंदरातल्या. ताज्या मासळीवर वाढलेली मुलगी बाविसाव्या वर्षी लग्न होऊन या डोंगरात आली आणि सासूने तिच्यापुढे कडू पाल्याचा वाडगा ठेवला. त्या म्हणायच्या, पहिल्या दिवशी मी रडले, ते सासरी आले म्हणून नाही, त्या पाल्यामुळे. मग सासूने तीन वसंत त्यांना हाताला धरून उतारावर नेलं आणि काय तोडायचं, काय नाही, ते शिकवलं. पुढे तीस वर्षं त्यांनी इथल्या शाळेच्या स्वयंपाकघरात मुलांचं जेवण रांधलं. तिथे भिंतीवर सरकारी तक्ता. मीठ किती ग्रॅम तेही छापलेलं, आणि गाजर जानेवारीतही तेच, जूनमध्येही तेच. शाळेतली शेवटची दोन मुलं शहरात गेली आणि शाळेला कुलूप लागलं. त्यानंतरच्या वसंतात त्यांनी आम्हाला जेवायला बोलावलं. "तीस वर्षं लोकांच्या तक्त्याने रांधलं. आता माझ्या," एवढंच म्हणाल्या.

त्या जेवणातला पहिला पदार्थ ठरलेला. ओढ्याकाठी, मोठ्या झाडांच्या सावलीत, बर्फ वितळलं की निरिनसो उगवतो. कोवळा पाला, आणि एका देठावर दोन पांढरी फुलं. तो उकळत्या पाण्यातून काढायचा, पिळायचा, बोटाच्या दोन पेरांएवढा कापायचा आणि वर ते सार. खायला सौम्य, किंचित गोडसर. पण त्याच ओढ्याकाठी, त्याच मातीत, पानाला पान लावून बचनागही उगवतो. कोवळेपणी दोघांचं पान सारखं, पण बचनागाला तेव्हा फूल नसतं. बचनागाची चार पानं पोटात गेली तर माणूस जातो. म्हणून इथल्या पोराला चालायला लागल्यापासून एकच गोष्ट बजावतात: फूल असेल तरच तोड.

कियोए-सान याच्याही पुढे जायच्या. प्रत्येक देठ फुलांसकट घरी आणायच्या, फुलं खुडून पाण्याने भरलेल्या काळ्या लाकडी वाडग्यात सोडायच्या आणि तो वाडगा पंगतीच्या मधोमध ठेवायच्या. शहरातून आलेल्यांना वाटायचं, काय हौस आहे! ती हौस नव्हती. ती त्यांच्या सासूची रीत होती. जेवढा पाला ताटात, तेवढी फुलं वाडग्यात. पाहुण्याने बघून घ्यावं आणि मग घास उचलावा. हे कोणी कोणाला बोलून दाखवत नसे.

आता त्या दिवसाचं सांगते.

यंदा बर्फ उशिरा वितळलं. मे लागला तरी ओढ्याच्या पलीकडे पांढरे ढीग होते. आणि बुधवारी कियोए-सानचा फोन आला, "रविवारी बारा वाजता ये."

मला वाटलं, चुकून बोलल्या. "रविवारी? आजच कसं ठरवलंत?"

"यासुहिको येतोय. त्याला सोमवारी कामावर जायचंय."

यासुहिको त्यांचा मुलगा, सेंदाईला असतो. सत्तावन्न वर्षांचा, सरळ, जरा घाबरट. त्याचाही मला मंगळवारी फोन आला होता. "नोबुए-सान, खरं सांगा, आईला नीट दिसतं ना? मागच्या वेळी तिने माझा चहा कपाबाहेर ओतला. मी तिच्यासाठी इकडे खोली तयार ठेवलीय. तिचं एकटीचं चालत नसेल तर या वेळी घेऊनच जातो."

"माझ्यापेक्षा चांगलं दिसतं त्यांना," मी म्हणाले.

ते धडधडीत खोटं होतं. शरद ऋतूत मीच त्यांना गाडीतून डोळ्यांच्या डॉक्टरकडे नेलं होतं. दोन्ही डोळ्यांचं मधलं दिसणं जात चाललं होतं. कडेचं दिसायचं, समोरचं नाही. म्हणून त्या हल्ली माणसाकडे तिरकं बघायच्या आणि लोकांना वाटायचं, म्हातारीचा तोरा वाढला. परत येताना गाडीत त्या म्हणाल्या होत्या, "हे कोणाला कळलं तर माझी चूल गेली." मी कोणाला सांगणार नाही असं कबूल केलं. मला ती पंगत हवी होती, हेही खरं.

रविवारी आम्ही चौघं बसलो. कियोए-सान, यासुहिको, मी आणि इवाओ-सान. इवाओ-सान जंगलखात्यातून निवृत्त झालेले, शहात्तर वर्षांचे, जिभेने तिखट. दारातच म्हणाले, "नोबु-चान, आज रविवारचं तुझं पोट दुखत नाही वाटतं?"

"गप्प बसा. आत गेल्यावर तसंही गप्पच बसायचंय."

"पाला खायला बसताना बकरीसुद्धा एवढी शिस्त पाळत नाही," असं पुटपुटत त्यांनी बूट काढले.

कियोए-सान केस नीट बांधून, स्वच्छ एप्रन लावून बसल्या होत्या. यासुहिकोची नजर त्यांच्या हातांवरून हलत नव्हती. त्यांनी एकेक वाडगी उचलून प्रत्येकापुढे ठेवली. काही सांडलं नाही, कुठे धक्का लागला नाही. या घरात त्यांचे हात डोळ्यांशिवाय चालत होते. मुलाच्या खांद्यांवरचा ताण जरा उतरलेला मला दिसला आणि मला आनंद झाला. मग आम्ही हात जोडून वाकलो, जेवणाआधीचं इतादाकिमास म्हटलं, आणि बोलणं बंद झालं.

बोलायचं नाही म्हटलं की माझे डोळे काहीतरी मोजायला लागतात. मी वाडग्यातली फुलं मोजली. बारा.

पुन्हा मोजली. बाराच. काळं पाणी सगळं उघडं दिसत होतं. दर वर्षी फुलांनी पाणी झाकून जायचं. आणि चारही वाडग्यांमध्ये पाल्याचे उंच ढीग होते, साठ-सत्तर देठांचे. बारा फुलं म्हणजे सहा देठ.

मी स्वतःची समजूत काढू लागले. बर्फ उशिरा गेलं, फुलं उमलली नसतील. कळ्या असतील, त्या टाकल्या असतील. धुताना वाहून गेली असतील. एकसष्ट वर्षं त्या हा पाला तोडतायत, हाताला कळत असेल. आणि मी आता तोंड उघडलं तर काय होईल तेही मला दिसत होतं. यासुहिको विचारेल, फुलं का कमी? मग डोळे. मग डॉक्टर. मग माझं खोटं. आज ना उद्या त्या सेंदाईच्या विजेच्या शेगडीपुढे बसलेल्या असतील.

यासुहिकोने चॉपस्टिक उचलल्या.

मी माझ्या खाली पाडल्या. मुद्दाम. त्या वाडगीच्या काठावर वाजून चटईवर पडल्या आणि सगळे थांबले.

"नोबुए, हात कापायला लागले का तुझे?" कियोए-सानने स्वतःचाच नियम मोडून विचारलं. उठल्या, दुसरी जोडी आणून माझ्यापुढे ठेवली. तेवढ्या वेळात मी इवाओ-सानना गुडघ्याने ढोसलं आणि डोळ्यांनी वाडगा दाखवला. त्यांना वाटलं, मी थट्टा करतेय. त्यांनी उलट मला ढोसलं.

मग मी माझी वाडगी कलती केली. पाला आणि सार सगळं चटईवर.

"अगं!" यासुहिको म्हणाला.

कियोए-सानचा चेहरा दगडासारखा झाला. त्यांनी स्वतःच्या वाडगीतला अर्धा पाला माझ्या वाडगीत वाढला. वाढलेलं टाकायचं नाही. त्यांनी मला मुकाट्याने तोच नियम परत वाढला होता. आणि यासुहिकोने, आता थांबायचं कारण उरलं नव्हतं म्हणून, घास उचलून तोंडाजवळ नेला. सार त्याच्या हनुवटीवर ठिबकलं.

"खाऊ नको!" मी ओरडले आणि त्याच्या मनगटावर फटका मारला. पाला भिंतीवर जाऊन चिकटला.

मग कियोए-सान हळू आवाजात म्हणाल्या, "माझ्या पंगतीत असलं आजवर कोणी केलं नाही."

"फुलं कमी आहेत, कियोए-सान."

"काय?"

"फुलं. बारा आहेत फक्त."

"बर्फ उशिरा गेलं यंदा. उमलली नाहीत. मला पानावरून कळतं, तू मला शिकवतेस?"

"आई, कसली फुलं?" यासुहिकोने विचारलं. इवाओ-सान वाडग्यावर वाकले होते, ओठ हलत होते. मोजून झाल्यावर त्यांनी आपली वाडगी दोन्ही हातांनी उचलून लांब ठेवली आणि स्वयंपाकघरात गेले. तिथून उरलेल्या कच्च्या पाल्याची टोपली घेऊन ओसरीवरच्या उजेडात बसले. चाळीस वर्षं त्यांनी या जंगलात काढलीत. ते एकेक पान उलटं करून बघत होते आणि दोन ढीग करत होते. एक मोठा, एक लहान. लहान ढीग थांबेल असं मला वाटत होतं. तो वाढत होता.

"नोबु-चान," त्यांनी मान वर न करता हाक मारली. थट्टेचा सूर पार गेला होता. "हा बचनाग आहे."

कियोए-सान तिथेच बसून होत्या. "दाखव," म्हणाल्या. इवाओ-सानने पान त्यांच्या हातात दिलं. त्यांनी ते डोळ्यांपुढे धरलं, मग मान वळवून डोळ्यांच्या कडेने बघितलं. मुलगा ते बघत होता. त्याच क्षणी त्याला सगळं कळलं असणार.

आणि मला एकदम दुसरंच काही आठवलं.

"तुम्ही चव बघितलीत का?"

"हे काय विचारणं झालं?"

"कितीदा?"

"तीनदा," त्या म्हणाल्या. "नेहमीसारखी."

"ओठ कसे आहेत?"

"ओठांना मुंग्या येणारच. सकाळपासून सानशोची पानं चघळतेय, मिसोच्या चटणीत घालायला." सानशो म्हणजे तिरफळाचीच भावकी, त्याने ओठ, जीभ बधिर होतातच. मला क्षणभर सुटल्यासारखं वाटलं. यासुहिको मात्र पुढे सरकला आणि त्याने आईचा हात हातात घेतला.

"आई, बोटांना?"

कियोए-सानने बोटं चोळली. पुन्हा चोळली. "बोटांनाही येतात," म्हणाल्या, आणि पहिल्यांदाच त्यांचा आवाज चिरकला.

सानशोने बोटांना मुंग्या येत नाहीत.

खालच्या गावातून रुग्णवाहिका यायला चाळीस मिनिटं लागतात. इवाओ-सान म्हातारे पाय ओढत रस्त्याच्या वळणावर जाऊन उभे राहिले, वाट चुकू नये म्हणून. यासुहिको फोनवर सांगत होता, चौऱ्याऐंशी वय, बचनाग, हो, खाल्लाय, आणि त्याच त्याच गोष्टी पुन्हा सांगत होता. कियोए-सानना दोनदा उलटी झाली. मी त्यांना कुशीवर निजवलं आणि मनगट धरून बसले. नाडी चार ठोके पडायची आणि पाचवा गाळायची. गाळलेल्या ठोक्यानंतर पुढचा येईपर्यंत मला श्वास घेता येत नव्हता. देवाला मी एवढंच म्हणत होते, पुढचा ठोका दे, बाकी काही मागत नाही.

"नोबुए."

"बोलू नका. पडून राहा."

"तू फुलं कधी मोजलीस?"

मला खोटं बोलायचं होतं. जमलं नाही. "बसल्याबरोबर."

जीभ जड झाली होती, शब्द ओले ओले येत होते. "मग चॉपस्टिक पाडल्यास. मग वाडगी."

"तुमचं घर जाईल म्हणून. यासुहिको-सानना कळू नये म्हणून..."

"माझी लाज झाकायला," त्या म्हणाल्या, "माझ्या पोराच्या ओठापर्यंत घास जाऊ दिलास."

मी त्यांचं मनगट सोडलं नाही. तेवढ्यात वळणावरून इवाओ-सान ओरडले, आली, आली.

इस्पितळात दोन दिवस त्यांच्या छातीला तारा लावलेल्या होत्या आणि पडद्यावरची रेघ उड्या मारत होती. डॉक्टर म्हणाले, याच्यावर उतारा नाही, शरीराने बाहेर टाकेपर्यंत हृदय सांभाळायचं. तिसऱ्या दिवशी सकाळी रेघ सरळ चालू लागली. चव बघताना त्यांनी फक्त टोकं घेतली होती, म्हणून वाचल्या. आमच्या वाडग्यांमध्ये होतं तेवढं पोटात गेलं असतं तर आम्ही चौघंही उरलो नसतो.

मी चौथ्या दिवशी भेटायला गेले. यासुहिको खिडकीशी उभा होता, डोळे सुजलेले. त्याने मला वाकून नमस्कार केला, माझ्या खोट्याबद्दल एक शब्द काढला नाही. सेंदाईचं नावही काढलं नाही. ते कियोए-साननेच काढलं.

"यासुहिको, घर बंद करून टाक. मी येते तुझ्याकडे."

मला राहवलं नाही. "असं नका करू. पुढच्या वर्षी मी येईन ना तुमच्याबरोबर ओढ्यावर. तुम्ही जागा दाखवा, मी तोडीन. माझे डोळे चांगले आहेत. एकेक फूल मोजून देईन."

कियोए-सानने उशीवर मान वळवली आणि माझ्याकडे तिरकं बघितलं. आता मला ठाऊक होतं, तशा बघतात तेव्हाच त्यांना माणूस दिसतो.

"डोंगराने दिवस ठरवायचा होता. मी कॅलेंडर बघितलं," त्या म्हणाल्या. "देठांना फुलं नव्हती, ते माझ्या बोटांना कळत होतं. तरी तोडले. रविवार होता, पोरगा यायचा होता, वाडगे भरायचे होते. ही चूक माझी, आणि ती करणाऱ्या बाईने पुन्हा कोणाला रांधून वाढायचं नसतं. डोळे गेले म्हणून नाही जात मी."

"पण मी असेन ना बरोबर."

"तुझ्या डोळ्यांना दिसलं होतं, नोबुए. बसल्याबरोबर दिसलं होतं. तरी तू गप्प राहिलीस." त्यांचा आवाज चढला नाही, उलट उतरला. "तू तोडलेलं मी कोणाच्या पानात वाढू?"